सफीउद्दीन उर्मवी : सुरांचा हिशेब मांडणारे बगदादचे फकीह

रमजान आला की आपल्या घराघरांत कारींच्या तिलावतीचे व्हिडिओ फिरू लागतात. कुणी मिस्री कारी, कुणी इंडोनेशियाचे, कुणी हरमचे इमाम. हिफ्ज करणारी आपली मुलं आता सहज सांगतात की हा आवाज बयातीत होता, तो रास्तमध्ये गेला, आयत संपताना हिजाज लागला. हरमची अजान हिजाज मकामातली आहे, हेही त्यांना ठाऊक असतं. पण ही नावं कुठून आली, असं विचारलं तर मुलं गप्प बसतात, आणि खरं सांगायचं तर आपणही गप्प बसतो. म्हणून आज आम्ही अशा एका माणसाची हकिगत सांगणार आहोत, ज्यांनी या मकामांना पहिल्यांदा पक्का हिशेब दिला, त्यांची मापं कागदावर उतरवली. ते पेशाने फकीह होते, हाताने खत्तात होते, आणि बगदाद बुडताना त्या शहरात हजर होते.

पूर्ण नाव सफीउद्दीन अब्दुल मोमिन इब्न यूसुफ इब्न फाखिर अल-उर्मवी. जन्म साधारण हिजरी ६१३, म्हणजे इसवी १२१६ चा. घराणं उर्मिया गावचं, म्हणून उर्मवी. आजच्या इराणच्या वायव्य कोपऱ्यात, मोठ्या खाऱ्या सरोवराच्या काठी हे गाव आहे. पोरवयातच ते बगदादला आले. त्या काळी इल्म हवं असणारा हुशार मुलगा बगदादलाच जायचा, यात नवल काही नाही.

बगदादमध्ये त्यांनी अरबी भाषा, अदब, इतिहास आणि खत यांचं शिक्षण घेतलं. नंतर ते मुस्तनसिरिया मदरशात दाखल झाले. खलिफा अल-मुस्तनसिर यांनी दजला नदीच्या काठी बांधलेला हा मदरसा इसवी १२३४ च्या सुमारास सुरू झाला होता. एकाच छपराखाली चारही मजहबांची फिकह शिकवायची, हे त्याचं वैशिष्ट्य. सफीउद्दीन यांनी तिथे शाफई फिकह घेतली आणि जोडीला इल्मे-खिलाफ, म्हणजे वेगवेगळ्या इमामांच्या मतांमधल्या फरकाचा अभ्यास. (आमच्या कोकणातल्या वाचकांनो, तुमच्याच मजहबाचा माणूस बरं का!) पुढे संगीतावर लिहिताना त्यांनी जी काटेकोर मांडणी केली, तिच्यामागे हा फिकहचा सराव आहे असं आम्हाला वाटतं. आधी व्याख्या, मग प्रकार, मग प्रत्येक प्रकाराचा हुकूम. फिकहची किताब उघडा, नाहीतर त्यांची सुरांची किताब उघडा, चाल तीच.

नाव झालं ते आधी खतामुळे. बगदादचे शेवटचे अब्बासी खलिफा अल-मुस्तअसिम यांनी नवं कुतुबखाना बांधला, तेव्हा नकलनवीस म्हणून सफीउद्दीन यांची नेमणूक झाली. खताच्या दुनियेत याकूत अल-मुस्तअसिमी हे नाव केवढं मोठं, ते वेगळं सांगायला नको. तेच याकूत सफीउद्दीन यांच्या शागिर्दांत गणले जातात. यांनी आयुष्यात दुसरं काही केलं नसतं, तरी एवढ्यावर इतिहासात जागा मिळाली असती.

ऊद ते तरुणपणापासून वाजवत होते, पण दरबाराला त्याचा पत्ता नव्हता. ऊद म्हणजे फुगीर पोटाचं, आखूड मानेचं तंतुवाद्य. खलिफांच्या दरबारात लहाज नावाची एक गायिका होती, ती सफीउद्दीन यांची शागिर्द. एकदा तिने एक नवी चीज गायली, ती खलिफांना फार आवडली आणि त्यांनी चौकशी केली की ही बंदिश कुणाची. तिने उस्तादांचं नाव घेतलं, तेव्हा खलिफांना कळलं की आपल्या कुतुबखान्यात रोज मान खाली घालून नकला करणारा हा माणूसच त्याचा कर्ता आहे. त्या दिवसापासून त्यांची बसण्याची जागा बदलली. ते खलिफांचे मुसाहिब झाले आणि सालाना ५००० दीनार तनखा सुरू झाला.

पण आपल्याला ज्या किताबीबद्दल बोलायचं आहे, ती याच्याही आधीची. 'किताब अल-अदवार' हे तिचं नाव. अदवार म्हणजे दौर, चक्रं. तिची सर्वात जुनी तारीखवार नक्कल हिजरी ६३३ ची, म्हणजे इसवी १२३६ ची आहे. जन्मसालाशी ताळा घातला तर लेखकाचं वय तेव्हा विशीच्या आसपास निघतं! विशीतल्या मुलाने लिहिलेली ही छोटीशी किताब पुढची कित्येक शतकं बगदादपासून समरकंदपर्यंत आणि इस्तंबूलपर्यंत संगीताचं पाठ्यपुस्तक होऊन राहिली.

तिच्यात नेमकं काय आहे? थोडं सावकाश घेऊ या, कारण सगळी गंमत इथेच आहे.

त्यांच्याआधी अल-किंदी, अल-फाराबी, इब्न सिना या थोरांनी संगीतावर लिहिलं होतं, आणि ग्रीकांचं गणित आत्मसात करून लिहिलं होतं. पण बाजारात, महफिलीत प्रत्यक्ष जे गायलं-वाजवलं जात होतं, त्यातल्या सगळ्या सुरावटी एका चौकटीत बसवून दाखवण्याचं काम बाकी होतं. सफीउद्दीन यांनी ऊदची एक तार घेतली आणि तिची लांबी मापली. तार अर्ध्यावर दाबली की वरचा सा मिळतो. तारेचे तीन भाग करून दोन भाग वाजू दिले तर पंचम मिळतो. चार भाग करून तीन वाजू दिले तर मध्यम. नऊ भाग करून आठ वाजू दिले तर सा पासून रे पर्यंतचं पूर्ण अंतर मिळतं. या पूर्ण अंतराला अरबीत तनीनी म्हणतात.

आता सा पासून मध्यमापर्यंत अशी दोन पूर्ण अंतरं भरली की शेवटी एक छोटा तुकडा उरतो. त्याचं नाव बकिय्या. आपण मराठीत हिशेबाच्या वहीत जी 'बाकी' लिहितो, तिच्याच कुळातला हा शब्द. एका पूर्ण अंतरात दोन बकिय्या मावतात आणि वर आणखी एक अगदी बारीक तुकडा शिल्लक राहतो. म्हणजे एका पूर्ण अंतराचे तीन तुकडे झाले, दोन सारखे आणि एक बारीक. सा पासून वरच्या सा पर्यंत पाच पूर्ण अंतरं आणि दोन बकिय्या असतात. पाच त्रिक पंधरा, अधिक दोन, एकूण सतरा. झाला हिशेब! सफीउद्दीन यांच्या सप्तकात सतरा पायऱ्या आहेत, आणि अठरावा सूर म्हणजे वरचा सा.

आपल्याकडच्या हार्मोनियमवर सप्तकाच्या बारा पट्ट्या असतात. सतरातल्या काही पायऱ्या त्या पट्ट्यांच्या मधल्या फटीत पडतात. म्हणूनच रास्त मकाम हार्मोनियमवर वाजवायला गेलं की काहीतरी चुकल्यासारखं वाटतं. त्याचा तिसरा सूर ना कोमल गंधार, ना पूर्ण शुद्ध गंधार. हारून रशीदच्या जमान्यातले बगदादचे मोठे ऊदवादक जलजल यांच्या नावाने ती जागा ओळखली जायची, कारण मधल्या बोटाने तार दाबण्याची ती जागा त्यांनी रूढ केली होती.

पुढची पायरी अशी. सा ते मध्यम या चार सुरांच्या पट्टीत ही अंतरं किती प्रकारे लावता येतात? त्यांनी सात प्रकार ठरवले. दोन पूर्ण अंतरं आणि शेवटी बकिय्या लावली तर उश्शाक. आपल्या कानाला ते बिलावलचे सा रे ग म वाटतील. बकिय्या मध्ये घेतली तर नवा, त्याची चाल काफीसारखी. बकिय्या सुरुवातीलाच लावली तर बूसलीक, तिथे भैरवीची आठवण येते. हे साम्य फक्त पहिल्या चार सुरांपुरतं आहे, तेवढं लक्षात ठेवा. पुढे एक पूर्ण अंतर आणि दोन मधली अंतरं घेतली की रास्त. असे सात. वरच्या पट्टीचे, म्हणजे मध्यमापासून वरच्या सा पर्यंतचे प्रकार त्यांनी बारा मानले. साता बारे चौऱ्याऐंशी. चौऱ्याऐंशी चक्रं त्यांनी एकामागून एक लिहून काढली. मग फकीह जसा मसअल्यावर हुकूम लावतो, तसा प्रत्येकावर हुकूम लावला की हे चक्र कानाला गोड आहे, हे खटकतं, हे मधलं आहे.

त्यातून मान्यता पावलेली बारा मुख्य चक्रं पुढे आली. उश्शाक, नवा, बूसलीक, रास्त, इराक, इस्फहान, झीरअफकंद, बुजुर्ग, जंगूला, रहावी, हुसैनी आणि हिजाजी. यांना ते शुदूद म्हणत. 'मकाम' हा शब्द या अर्थाने रुळला तो त्यांच्यानंतर, चौदाव्या शतकाच्या आसपास. शिवाय सहा आवाजात वेगळे होते, त्यात नवरोज, शहनाज, सलमक अशी नावं येतात. नुसती नावं वाचली तरी कळतं की ही एका मुलखाची चीज नव्हती. हिजाज आणि इराक अरबांचे, इस्फहान अजमचं, नवरोज पारशी सणाचं. सगळा इस्लामी मुलूख त्या बारा-अठरा नावांत गोळा झाला होता.

इथे एक गोष्ट स्पष्ट करायला हवी. आज ज्याला हिजाज म्हणतात ते आणि सफीउद्दीन यांचं हिजाजी हुबेहूब एक नाही. आठशे वर्षांत सुरांची बांधणी सरकली, नावं टिकली. बयाती, सबा, नहावंद ही आज कारींच्या तोंडी असलेली नावं त्यांच्या बारांत नाहीतच. म्हणून सगळं श्रेय एका माणसाला देण्याची घाई आम्ही करणार नाही.

शिवाय सूर कागदावर कसा लिहायचा, हाही त्यांनी मार्ग काढला. अबजदची अक्षरं आपल्याला तावीजांवरून किंवा तारीख काढण्याच्या पद्धतीवरून माहीत असतात. अलिफ म्हणजे एक, बे म्हणजे दोन. सफीउद्दीन यांनी अठरा सुरांना अबजदचे अठरा आकडे दिले. प्रत्येक सुराखाली तो किती वेळ धरायचा याचा आकडा लिहिला. अशा रीतीने लिहिलेल्या काही चालींचे नमुने किताबीत आहेत. त्या काळात चाल गळ्यातून गळ्यात जायची आणि उस्ताद गेला की अर्धी त्याच्यासोबत दफन व्हायची, हे ध्यानात घेतलं की या छोट्या युक्तीची किंमत कळते. नुजहा आणि मुगनी नावाची दोन वाद्यंही त्यांच्या नावावर आहेत.

संगीत जायज की नाजायज, हा सवाल वाचकांच्या मनात आला असणारच. उलेमांमध्ये यावर मतभेद आहेत आणि वाद्यांच्या बाबतीत बहुतेकांची भूमिका सक्त आहे. तिलावतीत तर तजवीदचे नियम आधी, लहजा नंतर, हे आपले उस्ताद पहिल्याच दिवशी सांगतात. तो फैसला करणं आमचं काम नाही. फिकह शिकलेल्या एका माणसाने आवाजाचं इल्म गणितासारखं अभ्यासलं, एवढं मात्र इतिहासात नोंदलेलं आहे.

मग १२५८ साल उजाडलं.

जानेवारीत हलाकू खानची फौज बगदादच्या भिंतींपाशी पोहोचली. १० फेब्रुवारीला खलिफा शरण आले आणि त्याच महिन्यात त्यांना ठार करण्यात आलं. शहरात जी कत्तल झाली ती आपण लहानपणापासून ऐकत आलो आहोत. ज्या कुतुबखान्यात सफीउद्दीन बसत, ज्या दरबारात वाजवत, ते सगळं काही दिवसांत संपलं.

ते कसे वाचले, याचा किस्सा जुन्या अरबी तवारीखकारांनी लिहून ठेवला आहे. शहराचे मोहल्ले मंगोल सरदारांमध्ये वाटले गेले होते आणि सफीउद्दीन यांची गल्ली एका सरदाराच्या वाट्याला आली होती. गल्लीतले लोक दरवाजे लावून आत बसले होते. सफीउद्दीन यांनी दरवाजा उघडला, एकटे बाहेर गेले, सरदाराला सलाम केला आणि त्याला घरी दावत दिली. दस्तरखान अंथरलं, उत्तम भांडी काढली, मग ऊद वाजवला. तो पाहुणचार लांबला, नजराणे दिले गेले आणि गल्लीवरची तलवार टळली. नंतर तोच सरदार त्यांना हलाकूपुढे घेऊन गेला. हलाकू वादन ऐकून खूश झाला आणि त्याने खलिफांच्या काळातला तनखा दुप्पट केला.

हा किस्सा वाचताना मनात दोन गोष्टी एकत्र येतात. गल्लीतल्या माणसांचे जीव वाचले, यासाठी अल्लाहचे शुक्र मानावेत. आणि ज्या हाताने आपला खलिफा मारला, आपलं शहर उजाड केलं, त्याच हाताचा दुप्पट तनखा घ्यायचा, हे गळ्याखाली उतरत नाही. काहींना ते हुशारी वाटेल, काहींना लाचारी. आम्ही यावर आपापसात बरंच बोललो आणि एकमत काही झालं नाही. एवढंच दिसतं की ज्यांनी दरवाजा उघडला नाही, त्यांच्या किताबी आज आपल्याकडे नाहीत.

नव्या राज्यात त्यांच्याकडे इराकच्या औकाफची देखरेख आली. मदरसे, मशिदी, दवाखाने चालवणाऱ्या वक्फच्या मिळकती त्या लुटीनंतर कोणत्या अवस्थेत असतील, याचा अंदाज करता येतो. वक्फच्या जमिनींचे तंटे आपणही रोज वाचतो, तेव्हा ही नोकरी सुखाची नव्हती हे समजायला वेळ लागत नाही. १२६७ च्या सुमारास हे काम त्यांच्याकडून गेलं आणि मरागाची वेधशाळा उभारणारे नसीरुद्दीन तूसी यांच्याकडे आलं.

त्यांना खरा आधार दिला तो जुवैनी घराण्याने. अता मलिक जुवैनी बगदादचे हाकीम होते, मंगोलांचा मशहूर इतिहास लिहिणारे ते हेच. त्यांचे भाऊ शम्सुद्दीन जुवैनी इलखानांचे वजीर. शम्सुद्दीन यांचे साहबजादे शरफुद्दीन हारून यांना सफीउद्दीन यांनी तालीम दिली आणि आपली दुसरी मोठी किताब त्यांच्याच नावावर केली. 'अर-रिसाला अश-शरफिया' ती हीच. 'अदवार' विशीतल्या तरुणाची, आटोपशीर. 'शरफिया' पन्नाशीतल्या माणसाची, विस्ताराने लिहिलेली, जुन्या हकीमांच्या मतांशी वाद घालणारी.

सफीउद्दीन हाताचे सढळ होते. मेहमान आले की फळं आणि अत्तरांवरच हजारो दिरहम उडवायचे, असं त्यांच्याबद्दल लिहिलेलं आढळतं. पैसा साठवून ठेवणारा हा माणूस नव्हता, आणि जुवैनी आहेत तोवर त्याची गरजही पडली नाही.

१२८३ मध्ये अता मलिक वारले. १२८४ मध्ये इलखान अर्गूनने वजीर शम्सुद्दीन यांचं डोकं उडवलं आणि पुढे हारून यांचीही तीच गत झाली. सफीउद्दीन तेव्हा सत्तरीला टेकलेले. ज्यांच्या घरी ते उठत-बसत, ते घरच राहिलं नाही. नव्या हाकीमांना या म्हाताऱ्या उदवाल्याशी काही देणंघेणं नव्हतं. तनखा बंद पडला, कर्ज वाढत गेलं. शेवटी ३०० दीनारांच्या कर्जासाठी त्यांना पकडण्यात आलं. ज्या माणसाला एकेकाळी साल्याला दहा हजार मिळत होते, त्याची ३०० साठी जामीन घ्यायला अख्ख्या बगदादमध्ये कुणी पुढे आलं नाही. त्यांच्या हाताखाली शिकलेले लोक शहरात होते, याकूतही तेव्हा हयात होते. पण कुणी मदत केल्याची नोंद नाही.

२८ सफर ६९३ हिजरी, म्हणजे २८ जानेवारी १२९४ ला, बगदादच्या मदरसा अल-खल्ल या शाफई मदरशात त्यांचा इंतकाल झाला. फिकहचा तालिबे-इल्म म्हणून ज्या शहरात आले, त्याच शहरातल्या एका मदरशात, कर्जदार म्हणून कैदेत असताना.

किताबी मात्र थांबल्या नाहीत. कुतबुद्दीन शीराजी यांनी काही वर्षांतच त्यांच्या मापांवर आक्षेप घेतले. त्यांचं म्हणणं असं की वाजवणारे ज्या ठिकाणी बोट ठेवतात आणि सफीउद्दीन यांची सतरा पायऱ्यांची शिडी, यांत फरक पडतो. आक्षेपात तथ्य होतं, पण वाद घालायलासुद्धा सगळे 'अदवार'चीच शिडी वापरत राहिले. पंधराव्या शतकात तैमूरच्या घराण्याच्या दरबारातले अब्दुल कादिर मरागी यांनी 'अदवार'वर शरह लिहिली. फारसी मकामांची नावं पुढे आपल्या बाजूलाही पोहोचली. एकेकाळी खानदेशच्या फारुकी सुलतानांच्या आश्रयाला असलेले पंडित पुंडरीक विठ्ठल यांनी सोळाव्या शतकात 'रागमंजरी' या संस्कृत ग्रंथात देशी रागांसोबत फारसी सुरावटींची यादी दिली, तिच्यात जंगूला आणि रहावीच्या जवळची नावं सापडतात. विसाव्या शतकात, १९३२ च्या कैरो परिषदेत अरब देशांचे आणि युरोपचे जाणकार मकामांची मापं ठरवायला बसले, तेव्हा सप्तकाचे चोवीस समान भाग करावेत की नाही यावर खूप वाद झाला आणि तो आजही मिटलेला नाही. त्यानंतर सहा वर्षांनी 'अदवार' आणि 'शरफिया' या दोन्ही किताबी फ्रेंच भाषेत छापून आल्या.

हिजरी ६३३ ची ती नक्कल, लेखक विशीत असतानाची, आज इस्तंबूलच्या कुतुबखान्यात जपून ठेवलेली आहे.